पर्यायी माध्यमं, खोटे प्रोफेसर आणि आमचे मामा

खिडकीतला (रविवार, रात्री ९.४०)

मामा मिरजेला असतात. निवृत्त होऊन आठ वर्षं झाली. पूर्वी दोन पेपर घ्यायचे, आता एक घेतात आणि तोही शब्दकोड्यासाठी. बाकी जगाची खबरबात यूट्यूबवरून. गेल्या महिन्यात गेलो तर हॉलमधल्या टीव्हीवर शिकागो विद्यापीठाचे जॉन मिअरशायमर बोलत होते. खाली हिंदी सबटायटल. मला बरं वाटलं. युक्रेनच्या प्रश्नाला पाश्चात्त्य देश जबाबदार आहेत, हे २०१४ पासून सांगणारा माणूस. पटो न पटो, मुद्दा बांधून बोलतो. त्यांचं २०१५ चं व्याख्यान यूट्यूबवर कोटींच्या घरात पाहिलं गेलंय.

पाच मिनिटांनी काहीतरी खटकायला लागलं. प्रोफेसरांचा डावा हात दर दहा-बारा सेकंदांनी बरोब्बर तेवढाच वर येत होता, अंगठा आणि तर्जनी जुळत होती, हात खाली जात होता. टायची गाठ ढिम्म. आणि चाळीस मिनिटांच्या भाषणात माणूस एकदाही अडखळला नाही, खोकला नाही, पाणी प्यायला नाही.

म्हटलं, "मामा, हा खरा नाहीये. मशीनने बनवलाय."

मामा म्हणाले, "असेल. पण बोलतोय ते खरंच आहे ना?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. अजून नाही, म्हणून धागा काढतोय.

थोडी पार्श्वभूमी. मी स्वतः या 'पर्यायी' मंडळींचा जुना गिऱ्हाईक. २००३ ला इंजिनिअरिंगला होतो. इराककडे संहारक शस्त्रं आहेत, असं अमेरिकेतले मोठमोठे पेपर पहिल्या पानावर छापत होते, आपल्याकडचे ते उचलत होते. शस्त्रं निघाली नाहीत. २६ मे २००४ ला न्यूयॉर्क टाइम्सने 'आम्ही पुरेशी शंका घ्यायला हवी होती' अशा अर्थाची संपादकीय टीप छापली, तीही आतल्या पानावर. तोवर हजारो माणसं मेली होती. त्याच काळात नाइट रिडर या वृत्तसमूहाच्या वॉशिंग्टन ऑफिसातले जोनाथन लँडे आणि वॉरन स्ट्रोबेल उलट बातम्या देत होते, पण त्यांचे पेपर न्यूयॉर्क-वॉशिंग्टनात निघत नव्हते, त्यामुळे कुणी लक्ष दिलं नाही.

मग शोधत शोधत कन्सॉर्शियम न्यूजवर पोचलो. रॉबर्ट पॅरी हे असोसिएटेड प्रेसचे बातमीदार, इराण-काँट्रा प्रकरण (अमेरिकेने इराणला गुपचूप शस्त्रं विकून तो पैसा निकाराग्वातल्या बंडखोरांना पुरवल्याचं) उकरणाऱ्यांपैकी एक. आपल्या बातम्यांना जागा मिळेना म्हणून त्यांनी १९९५ मध्ये स्वतःची वेबसाइट काढली. १९९५! तेव्हा आमच्या घरी फोनसुद्धा नव्हता. वाचकांच्या वर्गणीवर ती चालली, २०१८ मध्ये पॅरी गेले, साइट अजून आहे. काय सुख होतं ते वाचण्यात. रुक्ष, लांबलचक, कागदपत्रांवर कागदपत्रं.

आता तोच शब्द, 'पर्यायी', मामांच्या टीव्हीवर लाल बाण काढलेल्या थंबनेलला लागतो. 'डॉलरचा अंत, फक्त ७२ तास'. गेली तीन वर्षं डॉलर दर मंगळवारी मरतोय.

तर प्रश्न असा, की जगाचं राजकारण समजून घ्यायला तुम्ही काय वाचता-बघता, आणि कुणावर भरवसा ठेवायचा हे कसं ठरवता? मामांना काय सांगू?

बोलघेवडा (रविवार, रात्री ९.५२)

पहिला! मामांना सांगा, डॉलर मेला तर दहाव्याला या म्हणावं.

जुनं खोड (रविवार, रात्री १०.१५)

धागा आवडला. आमच्या लहानपणी 'पर्यायी माध्यम' म्हणजे सोव्हिएत लँड. कागद काय गुळगुळीत! युक्रेनमधल्या गव्हाच्या शेतात हसणाऱ्या बायका माझ्या भूगोलाच्या वहीवर वर्षभर होत्या. कव्हर घालण्याखेरीज त्याचा उपयोग कुणी केला असेल असं वाटत नाही. अमेरिकेचा स्पॅन यायचा तोही कव्हरांनाच.

आणीबाणीत मात्र वडील रात्री रेडिओ पोटाशी घेऊन बीबीसी हिंदी लावायचे. आवाज इतका बारीक की आम्हाला वाटायचं नुसती खरखर ऐकतायत. ती शॉर्टवेव्ह सेवा ३१ जानेवारी २०२० ला बंद झाली, तेव्हा वडील नव्हते. ब्रिटिश सरकारच्या पैशाचा रेडिओ, पण आमच्या घरात ती सगळ्यांत विश्वासाची बातमी. तेव्हा पैसा सरकारचा की वाचकांचा, एवढ्यावर निकाल लागत नाही असं आपलं माझं मत.

सह्यकडा (रविवार, रात्री १०.३१)

असहमत. पैसा कुणाचा हाच पहिला प्रश्न आणि शेवटचाही. 'स्वतंत्र' म्हणवणारी ही दुकानं कुणाच्या ना कुणाच्या जिवावर चालतात. न्यूजक्लिक ही बातम्यांची साइट विसरलात? २०२३ च्या ऑगस्टमध्ये खुद्द न्यूयॉर्क टाइम्सने सिंघम नावाच्या अमेरिकी धनाढ्याचं आणि चिनी प्रचाराचं नातं दाखवलं, त्यात न्यूजक्लिकचं नाव होतं. परराष्ट्र धोरणावर ज्ञान पाजळायचं आणि पाकीट बाहेरून घ्यायचं.

तांबडा रस्सा (रविवार, रात्री १०.४४)

सह्यकडा, अर्धीच गोष्ट सांगितलीत. ऑक्टोबर २०२३ मध्ये संपादक प्रबीर पुरकायस्थ यांना यूएपीएखाली धरलं, आणि १५ मे २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाने ती अटकच बेकायदा ठरवली. अटकेची कारणं लेखी दिली नव्हती. आरोप खरे की खोटे हे न्यायालयाने ठरवलेलं नाही, पण तुम्ही ते आधीच ठरवून बसलायत.

आणि पैशाचंच बोलायचं तर 'इंडियन क्रॉनिकल्स' वाचा. ब्रुसेल्सच्या ईयू डिसइन्फोलॅब या अपप्रचार शोधणाऱ्या संस्थेने डिसेंबर २०२० मध्ये काढलेला अहवाल. पंधरा वर्षं चाललेलं जाळं, ७५० हून जास्त बनावट माध्यमं, 'टाइम्स ऑफ जिनिव्हा' वगैरे नावांची. भारताची बाजू मांडायची आणि पाकिस्तानला झोडपायचं. अहवालानुसार यामागे दिल्लीचा श्रीवास्तव ग्रुप. आपल्या परराष्ट्र खात्याने हात झटकले, सरकारचा संबंध अहवालानेही सिद्ध केलेला नाही. पण मजा अशी की लुई सोहन नावाचे आंतरराष्ट्रीय कायद्याचे नामवंत प्राध्यापक २००६ मध्ये वारले आणि या जाळ्याच्या कागदांत ते २००७ मध्ये जिनिव्हातल्या संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार परिषदेला हजर! खिडकीतला, तुमच्या मामांचा प्रोफेसर निदान जिवंत तरी आहे.

बोलघेवडा (रविवार, रात्री १०.४७)

मेलेले प्रोफेसर जिनिव्हाला, जिवंत प्रोफेसर मिरजेला. पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

संपादक मंडळ (रविवार, रात्री ११.२०)

सह्यकडा आणि तांबडा रस्सा यांचे प्रत्येकी दोन प्रतिसाद उडवले आहेत. एकमेकांच्या घरच्यांवर जाऊ नका. विषयाला धरून लिहा.

इंजिनरूम (सोमवार, सकाळी ७.१०)

बत्तीस वर्षं बोटीवर काढली, शेवटची काही बाल्टिकमध्ये. त्यामुळे नॉर्ड स्ट्रीमवर (रशियातून जर्मनीला समुद्राखालून जाणाऱ्या गॅसच्या नळ्या) बोलायचा थोडा हक्क आहे असं समजतो. धाग्याच्या विषयाला याहून चांगलं उदाहरण मिळणार नाही.

२६ सप्टेंबर २०२२. बोर्नहोम बेटाजवळ समुद्राच्या तळाशी स्फोट, चारपैकी तीन नळ्या फुटल्या. पाण्यावर गॅसचे बुडबुडे उकळत्या आधणासारखे, ते फोटो सगळ्यांनी पाहिले. पहिल्या आठवड्यात युरोपातल्या बऱ्याच पेपरांचा आणि पुढाऱ्यांचा रोख रशियावर. स्वतःचीच नळी रशिया का फोडेल, हे विचारणाऱ्याला पुतिनचा माणूस म्हणायचे.

मग ८ फेब्रुवारी २०२३ ला सिमोर हर्श यांनी सबस्टॅकवर लेख टाकला. हर्श म्हणजे १९६९ मध्ये व्हिएतनाममधलं माय लाय हत्याकांड बाहेर काढणारे, २००४ मध्ये इराकमधल्या अबू घरैब तुरुंगातला छळ. त्यांचं म्हणणं, जून २०२२ च्या नाटो सरावाच्या आडून अमेरिकी पाणबुड्यांनी (म्हणजे पाण्याखाली उतरणाऱ्या माणसांनी) नॉर्वेच्या मदतीने स्फोटकं लावली आणि तीन महिन्यांनी नॉर्वेच्या विमानातून टाकलेल्या सोनार बॉयने (पाण्यावर तरंगणाऱ्या, ध्वनी सोडणाऱ्या यंत्राने) ती उडवली. सूत्र एकच, तेही निनावी. अमेरिकेने साफ नाकारलं.

मी तेव्हा घरी होतो, रजेवर. लेख रात्री वाचला आणि सांगतो, शंभर टक्के पटला. नाव हर्श, मुळात अमेरिकेवर संशय होताच. सकाळी चहा घेताना परत वाचला, या खेपेला शेजारी चार्ट उघडून. मग दाताखाली खडे लागायला लागले. त्यात नॉर्वेच्या अल्टा वर्गाच्या सुरुंगशोधक बोटीचा उल्लेख होता. नेटवर खुल्या माहितीवरून शोध घेणाऱ्यांनी लगेच दाखवलं की त्या सरावात नॉर्वेची बोट होती ती हिनॉय, आणि ती वेगळ्याच, ओक्सॉय वर्गाची. काहींनी एआयएसच्या नोंदी दाखवून सगळा लेखच मोडीत काढला. यावर मात्र मी म्हणेन, जरा थांबा. एआयएस म्हणजे बोटीने स्वतःहून सांगितलेला पत्ता. नौदलाच्या बोटी ते बंद ठेवू शकतात आणि ठेवतात. नोंदीत नाही म्हणजे तिथे नव्हतीच, असं बोटीवर राहिलेला माणूस म्हणणार नाही.

पुढे जर्मन तपासात आँड्रोमेडा निघाली. रोस्टॉकहून भाड्याने घेतलेली पंधरा मीटरची शिडाची बोट. हसलो होतो मी. ८० मीटर पाण्यात, शिडाच्या बोटीवरून? मग एका ओळखीच्या पाणबुड्याला विचारलं. तो म्हणाला, मिश्र वायूवर उतरणारे सराईत लोक तेवढं जातात, फक्त वर येताना तासन्‌तास थांबत थांबत यावं लागतं. म्हणजे कठीण, अशक्य नाही. २०२४ मध्ये एका युक्रेनी माणसावर जर्मन वॉरंट निघालं, ऑगस्ट २०२५ मध्ये दुसऱ्याला इटलीत पकडलं. स्वीडन आणि डेन्मार्क यांनी फेब्रुवारी २०२४ मध्येच तपास गुंडाळला होता.

म्हणजे बघा, 'रशियाने केलं' म्हणणारे मोठे पेपर आणि 'अमेरिकेने केलं' म्हणणारे हर्श, तपास दोघांनाही सोडून तिसरीकडेच चाललाय. न्यायालयात काय ठरेल ते ठरेल. पण हर्शच्या लेखाबद्दल राग नाही. त्यात बोटीचा वर्ग होता, महिना होता, विमान होतं. म्हणून तर माझ्यासारख्या इंजिनातल्या माणसाला चार्ट घेऊन बसता आलं. 'विश्वसनीय गोटातून समजते की रशियाचा हात' यात चार्ट कुठे लावू?

फळा-खडू (सोमवार, सकाळी ८.०५)

इंजिनरूम साहेब, दंडवत.

मी नववी-दहावीला गणित शिकवतो. पानाच्या उजवीकडे समास आखून 'कच्चे काम' लिहायला लावतो. पोरं कंटाळतात. उत्तर बरोबर आणि कच्चं काम गायब असेल तर मी मार्क देत नाही, कारण ते शेजाऱ्याचं असू शकतं. उत्तर चुकलं आणि कच्चं काम समोर असेल, तर कुठली पायरी घसरली ते बोट ठेवून दाखवता येतं आणि निम्मे मार्क मिळतात. हर्शना मी निम्मे देईन. एकाच निनावी सूत्राचे वजा करून.

पवनचक्की (सोमवार, दुपारी २.३०)

कच्च्या कामावरून लिहावंसं वाटलं.

२०१४ मध्ये आम्ही नेदरलँड्समधल्या आइंडहोवनला नवीन होतो. १७ जुलैला मलेशियाचं एमएच १७ हे प्रवासी विमान पूर्व युक्रेनमध्ये क्षेपणास्त्राने पडलं, २९८ माणसं, दोन तृतीयांश डच. २३ जुलैला पहिल्या शवपेट्या आमच्याच विमानतळावर आल्या. चाळीस. तिथून हिल्व्हरसमकडे शववाहिन्यांची रांग निघाली तेव्हा मी मुलीला कडेवर घेऊन हायवेवरच्या एका पुलावर उभी होते. खाली विरुद्ध दिशेच्या गाड्या आपापल्या थांबल्या, माणसं उतरून उभी राहिली. कुणी काही बोलत नव्हतं. इतकी शांत गर्दी मी आपल्याकडे कधी पाहिली नाही.

नंतर ऑफिसात सगळे बेलिंगकॅटबद्दल बोलायला लागले. नावच बघा, मांजराच्या गळ्यात घंटा. एलियट हिगिन्स हा इंग्लंडमधल्या लेस्टरचा माणूस, पत्रकारितेचं शिक्षण नाही. घरी बसून सीरियातल्या व्हिडिओंमधली शस्त्रं ओळखायचा. विमान पडायच्या काहीच दिवस आधी त्याने ही साइट सुरू केली होती. मग जगभरातल्या हौशी लोकांनी मिळून काय केलं, तर दोनेत्स्क, स्निझ्ने, लुहान्स्क इथल्या रस्त्यांवर लोकांनी सहज काढलेले फोटो आणि व्हिडिओ गोळा केले, ज्यांत ट्रेलरवरून बुक क्षेपणास्त्राची गाडी चाललीय. सावली किती लांब, मागे कुठल्या दुकानाची पाटी, विजेचा खांब कुठे, यावरून जागा आणि वेळ काढली. लुहान्स्कच्या व्हिडिओत चारपैकी एक क्षेपणास्त्र कमी.

मला सगळ्यात भारी वाटलं ते पुढचं. बुकच्या चाकपट्ट्यांवर एक रबरी झालर असते. ती वापरून वापरून फाटते, वाकते, आणि प्रत्येक गाडीची वेगळी फाटते, जशी आपल्या प्रत्येकाच्या चपलेची टाच वेगळी झिजते. जून २०१४ मध्ये रशियातल्या कुर्स्कहून निघालेल्या लष्करी ताफ्याच्या व्हिडिओंमधल्या एका गाडीची झालर या बुकशी जुळली. नोव्हेंबर २०१४ मध्ये त्यांनी लिहिलं, गाडी कुर्स्कच्या ५३ व्या ब्रिगेडची. अधिकृत संयुक्त तपास पथकाने हेच जाहीर केलं मे २०१८ मध्ये. १७ नोव्हेंबर २०२२ ला इथल्या न्यायालयाने तिघांना त्यांच्या गैरहजेरीत जन्मठेप दिली, चौथ्याला सोडलं.

त्यांचंही चुकलंय. रशियाच्या उपग्रह-चित्रांत फेरफार झालाय हे दाखवायला २०१५ मध्ये त्यांनी जी पद्धत वापरली, तिला एका जर्मन तज्ज्ञाने जाहीरपणे वेड्यात काढलं. ते भांडण सगळ्यांना वाचायला नेटवर पडलेलं आहे.

तांबडा रस्सा (सोमवार, दुपारी ३.१०)

पवनचक्की ताई, सुंदर लिहिलंत. पण बेलिंगकॅटला नॅशनल एन्डाउमेंट फॉर डेमॉक्रसीकडून पैसे मिळालेत हे पण लिहा. १९८३ ची संस्था, अमेरिकी काँग्रेसच्या पैशावर चालणारी. रशिया आणि सीरियाची घंटा खणखणीत वाजते, पण अमेरिकेच्या मांजराच्या गळ्यात ती तेवढी का वाजत नाही?

सह्यकडा (सोमवार, दुपारी ३.१८)

तांबडा रस्सा आणि मी एकाच बाजूला! पैसा कुणाचा, हेच मी काल म्हणत होतो.

पवनचक्की (सोमवार, दुपारी ४.०२)

@ तांबडा रस्सा, लिहिते की. मिळालेत, आणि ते त्यांनी लपवलेलं नाही. इथल्या पोस्टकोड लॉटरीकडूनही मिळालेत, म्हणजे माझ्या सासूबाईंच्या दर महिन्याच्या तिकिटाचेही चार पैसे त्यात असतील. कुठला विषय निवडायचा यावर पैशाचा परिणाम होतो, तुमचा हा मुद्दा मान्य. पण रबराची झालर पैसे बघून फाटत नाही.

समोवार (सोमवार, रात्री ९.२५)

मी एमबीबीएस रशियात केलं. आपल्याकडची बरीच मुलं जातात, मीही गेलो. तिथे 'पर्यायी' म्हणजे कोण याची गंमत कळली. इथे आपल्याला पर्यायी वाटणारं आरटी चॅनल तिथे सरकारी. तिथला पर्याय म्हणजे मेडुझा.

गालिना टिमचेंको यांना मार्च २०१४ मध्ये लेन्टा.रू या बातम्यांच्या साइटच्या संपादकपदावरून काढलं, त्यांच्याबरोबर बरेचसे सहकारी बाहेर पडले, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात लाटव्हियातल्या रिगाहून मेडुझा सुरू झालं. माझा रूममेट तातार होता, तो सकाळी दात घासता घासता ते वाचायचा. एप्रिल २०२१ मध्ये त्यांच्यावर 'परदेशी हस्तक' असा शिक्का बसला. शिक्का म्हणजे खरोखर शिक्का. प्रत्येक बातमीच्या डोक्यावर मजकुराच्या दुप्पट मोठ्या अक्षरांत सरकारी सूचना छापायची सक्ती. हवामानाची बातमी असली तरी. फोनच्या पडद्यावर आधी ती सूचना, मग अंगठ्याने वर सरकवायचं, मग बातमी. रूममेट म्हणायचा, अंगठ्याचा व्यायाम झाला.

जाहिरातदार पळाले. मग त्यांनी वाचकांकडे हात पसरले आणि वाचकांनी दिले. मार्च २०२२ मध्ये साइट रशियात बंद झाली, जानेवारी २०२३ मध्ये संस्था 'अवांछित' ठरली. तेव्हापासून पैसे देणं गुन्हा आणि नुसती लिंक पुढे पाठवण्यावरही कारवाई होऊ शकते. २०२३ मध्येच कळलं की टिमचेंको बाईंच्या आयफोनमध्ये पेगासस होतं. मी परत आल्यावर रूममेटला एकदा मेडुझाबद्दल विचारलं. त्याने उत्तरात मांजराचा फोटो पाठवला. मी परत विचारलं नाही.

सह्यकडा, 'परदेशी पैसा' हा शब्द मी तिथे इतका ऐकलाय की आता तो ऐकला की आधी बोलणाऱ्याकडे बघतो. राग मानू नका.

सह्यकडा (सोमवार, रात्री १०.०५)

राग नाही डॉक्टर. पण उलटही बघा. सप्टेंबर २०२४ मध्ये अमेरिकेच्या न्याय खात्याने आरोपपत्र ठेवलं, की आरटीच्या दोघांनी टेनेसीतल्या एका कंपनीत सुमारे एक कोटी डॉलर ओतले. नामांकित यूट्यूबर, 'आम्ही स्वतंत्र, आम्ही व्यवस्थेविरुद्ध' म्हणणारे. त्यातल्या एकाला महिन्याला चार लाख डॉलर. आरोपपत्रानुसार या भाष्यकारांना पैसा कुठून येतो ते माहीतच नव्हतं. चार लाख डॉलर देणारा कोण, हे विचारावंसंही वाटलं नाही? आमच्याकडे भिशीचे पाच हजार उशिरा आले तरी चौकशी होते.

समोवार (सोमवार, रात्री १०.११)

हे बाकी खरं. भिशीवाल्या काकूंना न्याय खात्यात घ्या.

शाईचे डाग (मंगळवार, सकाळी ११.४०)

वाचनमात्र होते, आता लिहिते. पुण्यात पत्रकारिता शिकतेय.

मे २०२५ मधली ८ तारखेची रात्र. हॉस्टेलच्या कॉमन रूममध्ये टीव्ही चालू, एकामागून एक चॅनल कराची बंदर उद्ध्वस्त झाल्याचं सांगतायत. तेवढ्यात घरच्या ग्रुपवर आत्याने व्हिडिओ टाकला: रात्रीचं आकाश, तोफांच्या लाल रेघा, एक विमान पेटून खाली. खाली सत्तावीस जणांचे तिरंगे. मी फोन बाजूला घेऊन तो थांबवत थांबवत बघितला. रेघा सगळ्या सारख्या लांबीच्या, धुराचा गोळा दोनदा तसाच्या तसा. चार ठिकाणचे स्क्रीनशॉट उलटे शोधले, तिसऱ्याला सापडला: आर्मा ३ नावाचा व्हिडिओ गेम. ग्रुपवर लिहिलं. आत्याने 'बरं' एवढंच लिहिलं, आणि दिवाळीपर्यंत माझ्याशी जरा तुटकच होती.

कराची बंदर जागच्या जागी होतं. ज्या चॅनलांनी ते उडवलं त्यांच्यापैकी बहुतेकांनी चूक झाली असं ठळकपणे सांगितलंच नाही. आणि ९ तारखेला द वायरची साइट देशात बंद केली होती, नंतर पुन्हा सुरू झाली. मामा यूट्यूबकडे का वळले, याचं निम्मं उत्तर त्या रात्रीत आहे असं मला वाटतं.

वाचायचं म्हणाल तर +९७२. २०१० पासून इस्रायली आणि पॅलेस्टिनी पत्रकार मिळून चालवतात. नाव कसलं, तर दोन्हीकडे चालणारा टेलिफोनचा कोड. एप्रिल २०२४ मध्ये युवल अब्राहम यांनी त्यात 'लव्हेंडर' ही बातमी दिली: गाझात कुणाला लक्ष्य करायचं याची यादी मशीन बनवतं, सहा इस्रायली गुप्तचर अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून. यादीत ३७,००० पर्यंत नावं. सैन्याने नाकारलं. पण गार्डियनने तीच बातमी त्याच दिवशी छापली. एवढ्याशा मासिकाच्या मागे मोठा पेपर चालला. आमच्या सरांनी ती बातमी वर्गात परिच्छेद-परिच्छेद करून वाचायला लावली होती: हे कोण म्हणतंय, किती जण म्हणतायत, समोरच्याचं म्हणणं कुठल्या परिच्छेदात आलंय.

फळा-खडू (मंगळवार, दुपारी १२.१५)

तुमच्या सरांना माझा नमस्कार सांगा. कच्चे कामवालेच दिसतात.

जुनं खोड (मंगळवार, संध्याकाळी ६.५०)

अवांतर: मराठीत कुणी असं मूळ काम करतंय का? परदेशी राजकारणावर मतं भरपूर आहेत. गोविंद तळवलकर महाराष्ट्र टाइम्समध्ये लिहायचे तेव्हा निदान जाडजूड ग्रंथ वाचून लिहायचे, इथे व्हिडिओ बघून व्हिडिओ बनवतात. दुबईत, मस्कतमध्ये, हैफा-अश्दोदच्या बंदरांत आपली माणसं आहेत. इंजिनरूमसारखं कुणी लिहीत नाही.

इंजिनरूम (मंगळवार, रात्री ८.३०)

कंपनी लिहू देत नाही हो. निवृत्त झालो म्हणून तोंड उघडलं.

खिडकीतला (शनिवार, रात्री १०.२०)

सगळ्यांचे आभार, वाचनखूण साठवली. काल परत मिरजेला जाऊन आलो. इंजिनरूमचा चार्ट, पवनचक्कीची झालर, मास्तरांचं कच्चं काम, सगळं पाठ करून गेलो होतो. मामांना त्यांच्याच टीव्हीवर खऱ्या मिअरशायमरचं २०१५ चं व्याख्यान लावून दिलं. एक तास बसले. म्हणाले, "हा बरा आहे, पण फार नकाशे दाखवतो." चला, एक पायरी चढलो.

मग त्यांना तो खोटा प्रोफेसर शेजारी लावून दाखवायचा होता, हात कसा तोच तोच उठतो ते. शोधला तर चॅनलच गायब. यूट्यूबने उडवलेला.

मामांनी माझ्याकडे चष्म्यावरून बघितलं. "बघ. खरं बोलत होता म्हणून उडवला."

बोलघेवडा (शनिवार, रात्री १०.२४)

मामांना आमच्याकडून एक चहा. बिनसाखरेचा.